टीव्हीवरच्या मानसशास्त्रज्ञाची लेट नाइट मुलाखत कशी पाहावी

अमेरिकेतल्या लेट नाइट टॉक शोमध्ये टीव्हीवरून घरोघरी पोहोचलेला एखादा मानसशास्त्रज्ञ पाहुणा म्हणून आला, की मोजक्या मिनिटांत नातेसंबंध, राग, व्यसन, मुलांचे संगोपन अशा कितीतरी विषयांवर ठामपणे बोलले जाते आणि त्यातली एक-दोन वाक्ये पाहणाऱ्याच्या मनात घर करून राहतात. ती वाक्ये विनोद म्हणून आली होती, माहिती म्हणून की सल्ला म्हणून, हे मात्र पाहण्याच्या ओघात सहसा ध्यानात येत नाही. मुलाखत पाहून नुसते हसायचे असेल, तर कोणत्याही मार्गदर्शनाची गरज नाही. पण तिच्यातले काही स्वतःच्या किंवा घरातल्या कोणाच्या आयुष्याला लावून पाहायचे असेल, दुसऱ्याला सांगायचे असेल किंवा त्यावर लिहायचे असेल, तर ती थोड्या निराळ्या रीतीने पाहावी लागते. या रीतीचे मुख्य सूत्र असे, की माणसाच्या वागण्याबद्दलच्या जवळजवळ प्रत्येक विधानाला एखादी अट चिकटलेली असते आणि लेट नाइटच्या मंचावर ती अट उच्चारण्याच्या नेमक्या जागी हशा येतो.

कार्यक्रम कसा घडतो

मोठ्या वाहिन्यांवरचे हे कार्यक्रम रात्री साडेअकराच्या सुमारास लागत असले, तरी त्यांचे चित्रीकरण बहुधा संध्याकाळच्या आधीच प्रेक्षकांसमोर उरकलेले असते. प्रेक्षकांना प्रवेश विनामूल्य असतो आणि सूत्रसंचालक मंचावर येण्यापूर्वी एक विनोदवीर त्यांना हसते-बोलते करून ठेवतो. पाहुण्याशी होणारी बातचीत उत्स्फूर्त वाटते. तिची पूर्वतयारी मात्र झालेली असते. त्या भागाची जबाबदारी असलेला निर्माता आधीच पाहुण्याशी बोलून घेतो, कोणते किस्से रंगतात ते हेरतो आणि त्या किश्श्यांकडे नेणारे प्रश्न सूत्रसंचालकासमोरच्या कार्डांवर उतरतात. त्यामुळे ‘परवा विमानात तुमच्या शेजारी कोणीतरी रडू लागलं म्हणे’ असा प्रश्न आला, तर उत्तर विचारणाऱ्याला ठाऊक आहे असे खुशाल धरून चालावे. यात फसवणूक काही नाही. मात्र अशा मुलाखतीत कशाबद्दल विचारले गेले यापेक्षा कशाबद्दल विचारले गेले नाही, हे अधिक बोलके असते.

पाहुण्याला मिळणारे मानधन किरकोळ असते. त्याची खरी कमाई प्रसिद्धीची असते. नवे पुस्तक, नवा हंगाम, नवा पॉडकास्ट यांपैकी काय विकायचे आहे, हे पहिल्याच मिनिटात ओळखून ठेवावे, कारण पुढचा सल्ला बहुधा त्याच मालाच्या आकाराचा असतो.

वेळेचाही हिशेब ठेवायला हवा. एनबीसी या वाहिनीचा ‘द टुनाइट शो’ १९५४ मध्ये सुरू झाला, १९६२ ते १९९२ अशी ३० वर्षे जॉनी कार्सन यांनी तो चालवला आणि १९८० मध्ये त्याची लांबी दीड तासावरून एका तासावर आली. पाहुण्यांना निवांत बोलू देण्याची मुभा तेव्हापासून आक्रसत गेली आहे. आज सुरुवातीचे एकपात्री विनोद, संगीत आणि जाहिराती वजा जाता मानसशास्त्रज्ञाच्या वाट्याला जेमतेम सात-आठ मिनिटे येतात. तेवढ्यात सूत्रसंचालकाला तीन-चार विनोद साधायचे असतात आणि पाहुण्याला आपल्या पुस्तकाचे नाव किमान दोनदा घ्यायचे असते.

खुर्चीत कोण बसले आहे

नावामागे ‘डॉक्टर’ असणे हा पुरावा अपुरा आहे. तीन गोष्टी वेगवेगळ्या तपासाव्यात: पदवी कोणत्या विषयातली आहे, व्यवसायाचा परवाना आजही चालू आहे का आणि ही व्यक्ती सध्या प्रत्यक्ष रुग्ण पाहते का. तिन्हींची उत्तरे वेगवेगळी निघू शकतात, हे या क्षेत्रातल्या ठळक नावांवरूनच कळते.

जॉइस ब्रदर्स यांच्याकडे कोलंबिया विद्यापीठाची मानसशास्त्रातली पीएच.डी. होती, पण त्या देशाला माहीत झाल्या त्या १९५५ मध्ये ६४ हजार डॉलरच्या प्रश्नमंजूषेत मुष्टियुद्धावरच्या प्रश्नांची उत्तरे देऊन बक्षीस जिंकल्यामुळे. पुढे १९५८ पासून त्या टीव्हीवर सल्ला देऊ लागल्या आणि कार्सन यांच्या कार्यक्रमात वारंवार दिसल्या. लेट नाइटच्या लाडक्या पाहुण्या रूथ वेस्टहायमर यांची डॉक्टरेट शिक्षणशास्त्रातली होती. रेडिओवर कौटुंबिक सल्ला देणाऱ्या लॉरा श्लेसिंजर यांची पीएच.डी. शरीरक्रियाशास्त्रातली आहे. पदवी दुसऱ्या विषयातली असली म्हणजे बोलणे निरुपयोगी ठरते असे नाही. वेस्टहायमर यांनी लैंगिक आरोग्यावर संकोच न बाळगता बोलून जे काम केले, ते अनेक मानसशास्त्रज्ञांना जमले नसते. पण कोणते विधान अभ्यासाच्या बळावर आले आणि कोणते अनुभवाच्या, हे पाहणाऱ्याला ठाऊक असलेले बरे.

टीव्हीवर ‘डॉ. फिल’ म्हणून ओळखले जाणारे फिल मॅकग्रॉ यांचे उदाहरण सर्वांत शिकवणारे आहे. त्यांनी १९७९ मध्ये चिकित्सा मानसशास्त्रात पीएच.डी. मिळवली, काही काळ व्यवसाय केला आणि नंतर ते खटल्यांमध्ये वकिलांना ज्युरीविषयी, म्हणजे निकाल देणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळाविषयी, सल्ला देणाऱ्या कंपनीत रमले. गोमांसाच्या व्यापाऱ्यांनी टॉक शोच्या सूत्रसंचालिका ओप्रा विन्फ्री यांच्यावर टेक्सासमधल्या ॲमॅरिलो येथे भरलेला खटला १९९८ मध्ये चालला, तेव्हा विन्फ्री यांच्या बाजूने तयारी करून घेणाऱ्यांत ते होते. निकाल विन्फ्री यांच्या बाजूने लागला, त्यांनी मॅकग्रॉ यांना आपल्या कार्यक्रमात आणले आणि सप्टेंबर २००२ मध्ये त्यांचा स्वतःचा कार्यक्रम सुरू झाला. तो २०२३ पर्यंत चालला. परवान्याचे नूतनीकरण मात्र त्यांनी २००६ पासून केलेले नाही. कॅलिफोर्नियाच्या परवाना मंडळाने त्यांच्या कार्यक्रमाला परवान्याची गरज नसल्याचे मानले, कारण तिथे चालते ते मनोरंजन, उपचार नव्हे. हा एक निर्णय लक्षात ठेवला, तरी अशा मुलाखतींकडे पाहण्याची अर्धी दृष्टी तयार होते. माझ्या मते त्यांची धारदार, आखूड, प्रश्नार्थक वाक्ये दवाखान्यापेक्षा कोर्टाच्या जवळची आहेत; बारा अनोळखी माणसांना पटेल असे बोलण्याची तयारी त्यांत दिसते.

परवाना तपासणे अवघड नाही. अमेरिकेत मानसशास्त्रज्ञाचा परवाना राज्यागणिक वेगळा असतो आणि राज्यांच्या मंडळांच्या संकेतस्थळांवर नाव टाकून तो चालू आहे की नाही, ते पाहता येते. पाच मिनिटांचे काम आहे.

दोनदा पाहावे, आणि दुसऱ्यांदा हशाच्या मागे पाहावे

पहिल्यांदा मुलाखत सरळ पाहावी आणि हसू आले तर हसावे. दुसऱ्यांदा ती आवाज बंद करून, उपशीर्षके लावून पाहावी. उपशीर्षकांत जिथे कंसात हशा किंवा टाळ्या असे येते, तिथे थांबावे आणि त्याच्या लगेच आधीचे वाक्य कागदावर उतरवून घ्यावे. संगीत, चेहरा आणि टाळ्या बाजूला झाल्यावर ते वाक्य किती उरते, हे पाहणे हाच या सगळ्या खटाटोपाचा गाभा आहे.

एक कल्पित प्रसंग घेऊ. सूत्रसंचालक म्हणतो, ‘माझा मुलगा पंधरा वर्षांचा आहे. काहीही विचारलं तरी ‘हं’ म्हणतो आणि खोलीत जातो.’ पाहुणा म्हणतो, ‘लोकांना प्रश्न विचारायचे तुम्हाला पैसे मिळतात. त्याला उत्तरं द्यायचे किती देता?’ मोठा हशा. मग पाहुणा पुढे झुकतो, आवाज खाली आणतो आणि सांगतो, ‘मुलांना प्रश्न नको असतात. काही न विचारता शेजारी बसा. आठवड्याभरात बोलायला लागेल.’ टाळ्या, वाद्यवृंद, जाहिराती.

आता हे कागदावर मांडून पाहावे. पहिले वाक्य विनोद आहे. त्याला खरे-खोटे काही नाही. ‘मुलांना प्रश्न नको असतात’ हे माहितीच्या वेशातले विधान आहे: कोणत्या मुलांना आणि कोणते प्रश्न, याचा पत्ता नाही. ‘शेजारी बसा’ हा सल्ला आहे, निरुपद्रवी आहे आणि बऱ्याच घरांत उपयोगीही पडेल. ‘आठवड्याभरात’ हे मात्र आश्वासन आहे आणि त्याच्या पाठीशी काहीही नाही. चार वाक्ये चार जातींची आहेत, पण टाळ्यांनी ती एकाच सुरात बांधली. शिवाय जो प्रश्न समुपदेशनाच्या खोलीत सर्वांत आधी विचारला गेला असता, तो इथे कोणी विचारलाच नाही: हे कधीपासून आहे? मुलगा पहिल्यापासून अबोल असेल, तर गोष्ट वेगळी. दोन महिन्यांपूर्वीपर्यंत बडबडा होता, आता झोप बिघडली आहे, जेवण कमी झाले आहे, मित्र तुटले आहेत असे असेल, तर शेजारी बसून आठवडाभर वाट पाहणे हा सल्ला अपुरा आणि कदाचित घातक आहे. ही अट सांगायला पाहुण्याला अर्धे मिनिट लागले असते, पण त्या अर्ध्या मिनिटात हशा विरला असता.

म्हणून उतरवलेल्या प्रत्येक वाक्यासमोर तीन छोटे प्रश्न लिहावेत: कोणाच्या बाबतीत, कधीपासून आणि तसे नसेल तर काय. पाहुण्याने मुलाखतीत दुसरीकडे कुठे त्यांची उत्तरे दिली असतील, तर ती जोडून घ्यावीत. चांगले वक्ते कधीकधी विनोद झाल्यावर, आवाज ओसरल्यावर अट हळूच सांगून जातात आणि ती कोणाच्या लक्षात राहत नाही. दिली नसतील, तर ती जागा रिकामीच ठेवावी. आपल्या मनाने भरू नये. वाक्य आपल्याला आवडले असेल तर हे फार जड जाते.

हसू नसलेल्या मुलाखतींबाबत एक सावधगिरी बाळगावी. एखाद्या रात्री सूत्रसंचालक स्वतःच्या दुःखाविषयी बोलतो, प्रेक्षागृह शांत असते आणि पाहुणा सावकाश उत्तरे देतो. अशी मुलाखत अधिक खरी वाटते आणि पुष्कळदा असतेही. पण शांतता आणि डोळ्यांतले पाणी यांच्याखालीही अटी तितक्याच सहज बुडतात. कागद तेव्हाही हाताशी असावा.

‘हे तर अगदी माझ्याबद्दलच आहे’

मुलाखत पाहताना असे वाटले, की क्षणभर थांबावे. १९४८ मध्ये बर्ट्रम फोरर या मानसशास्त्रज्ञाने आपल्या ३९ विद्यार्थ्यांना व्यक्तिमत्त्व चाचणी दिली आणि नंतर प्रत्येकाला त्याचे म्हणून एक वर्णन वाचायला दिले. वर्णन किती जुळते, याला विद्यार्थ्यांनी ५ पैकी सरासरी ४.२६ गुण दिले. वर्णन सर्वांना एकच होते. ‘तुम्ही वरून खंबीर दिसता, पण आतून स्वतःवर शंका घेता’ अशा धाटणीची वाक्ये लक्षावधी प्रेक्षकांपैकी प्रत्येकाला आपली वाटतात, आणि टीव्हीवरच्या मानसशास्त्रज्ञाला अशाच वाक्यांची गरज असते. कसोटी सोपी आहे: ते वाक्य स्वभावाने आपल्या अगदी उलट असलेल्या ओळखीच्या माणसाला लावून पाहावे. त्यालाही चपखल बसले, तर त्यातून स्वतःविषयी काही कळलेले नाही.

न भेटलेल्या माणसाचे निदान

सूत्रसंचालकाचा हमखास प्रश्न असतो: अमुक नेत्याच्या किंवा तमुक कलावंताच्या डोक्यात नेमके काय चालले आहे? इथे पाहुणा काय करतो, यावरून त्याची पारख होते. १९६४ च्या अध्यक्षीय निवडणुकीत ‘फॅक्ट’ नावाच्या नियतकालिकाने रिपब्लिकन पक्षाचे उमेदवार बॅरी गोल्डवॉटर मानसिकदृष्ट्या पदास योग्य आहेत का, असे १२ हजारांहून अधिक मानसोपचारतज्ज्ञांना, म्हणजे मनाच्या आजारांवर उपचार करणाऱ्या वैद्यकीय डॉक्टरांना, पत्राने विचारले. उत्तर देणाऱ्या २,४१७ जणांपैकी १,१८९ जणांनी ते अयोग्य असल्याचे कळवले. यांपैकी कोणीही त्यांना तपासण्याचा प्रश्नच नव्हता. गोल्डवॉटर यांनी बदनामीचा दावा लावून तो जिंकला. त्यानंतर १९७३ मध्ये अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने, तपासणी आणि योग्य संमती यांशिवाय सार्वजनिक व्यक्तीबद्दल व्यावसायिक मत देणे नीतीला धरून नाही, असा नियम केला. तो ‘गोल्डवॉटर नियम’ म्हणूनच ओळखला जातो.

तो नियम मानसोपचारतज्ज्ञांचा आहे. मानसशास्त्रज्ञांची संघटना वेगळी आणि तिची संहिताही वेगळी. त्या संहितेनुसार व्यक्तीच्या मानसिक गुणधर्मांबद्दलचे मत पुरेशा तपासणीच्या आधारावर द्यायचे असते आणि प्रसारमाध्यमांत बोलताना समोरच्याशी आपले उपचाराचे नाते जुळले आहे असे भासवायचे नसते. अर्थात हे बंधन संघटनेच्या सदस्यांवर असते आणि परवाना मंडळे ते लागू करतात तेव्हा परवानाधारकांवर. म्हणूनच परवाना चालू आहे का, हे आधी पाहून घेण्याचे महत्त्व. ‘मी त्यांना भेटलेलो नाही, पण अशा वागण्यामागे साधारण काय काय कारणे असू शकतात ते सांगतो’ असे म्हणणारा पाहुणा दिसला, की त्याचे उरलेले बोलणे अधिक विश्वासाने ऐकावे. सूत्रसंचालकाचेच गंमतीने निदान करणाऱ्याला मात्र एवढ्यावरून दोष देऊ नये. तो त्या मंचाचा जुना खेळ आहे आणि दोघांनाही तो माहीत असतो.

‘संशोधन सांगते’

हे दोन शब्द ऐकू आले, की कोणाचे, कधीचे आणि किती जणांवरचे, हे शोधावे. एकवीस दिवसांत सवय लागते, हे वाक्य अशा मुलाखतींत फार चालते. त्याचे मूळ एका प्लास्टिक सर्जनच्या निरीक्षणात आहे. शस्त्रक्रियेनंतर रुग्णांना नव्या चेहऱ्याची सवय व्हायला किमान एकवीसेक दिवस लागतात, असे त्याने १९६० मध्ये लिहिले होते. ‘किमान’ गळाले आणि चेहराही गळाला. युनिव्हर्सिटी कॉलेज लंडनच्या संशोधकांनी ९६ जणांच्या दैनंदिन सवयी तपासल्या, तेव्हा सवय अंगवळणी पडायला साधारण ६६ दिवस लागतात असे दिसले आणि व्यक्तिव्यक्तींमधला पल्ला १८ पासून २५४ दिवसांपर्यंतचा होता. टीव्हीवर सांगायला एकवीस हा आकडा सोयीचा आहे. १८ ते २५४ हा नाही.

रागाचेही तसेच. उशीवर गुद्दे मारून राग काढा, हा सल्ला मंचावर करून दाखवायला झकास असतो आणि सूत्रसंचालक तो लगेच अमलात आणतो. पण मानसशास्त्रज्ञ ब्रॅड बुशमन यांच्या २००२ मधल्या प्रयोगात राग आणणाऱ्या माणसाला मनात आणून पंचिंग बॅगवर ठोसे मारणाऱ्यांचा राग उलट वाढला. काहीच न करता बसलेले त्यांच्यापेक्षा कमी रागावलेले होते.

तुकडा पुढे पाठवण्याआधी

डेव्हिड लेटरमन यांच्या ‘लेट शो’मध्ये मॅकग्रॉ यांच्या कार्यक्रमातली सुटी वाक्ये संदर्भ तोडून दाखवण्याचे एक विनोदी सदर होते, आणि तेच मॅकग्रॉ त्याच मंचावर पाहुणे म्हणूनही येत. संदर्भ काढला की शहाणे वाक्य किती वेडगळ वाटते, हे त्या सदराने दाखवले. संदर्भ काढला की पोकळ वाक्य किती शहाणे वाटते, हे आजच्या अर्ध्या मिनिटाच्या तुकड्यांत रोज दिसते. त्यामुळे तुकडा हाती आल्यास आधी कार्यक्रमाच्या अधिकृत वाहिनीवर पूर्ण मुलाखत शोधावी, प्रक्षेपणाची तारीख पाहावी आणि तुकड्याच्या आधीचा प्रश्न व नंतरचे वाक्य ऐकावे. कार्यक्रमाची अधिकृत चित्रफीतही अनेकदा काटछाट केलेली असते, हे गृहीत धरावे. पूर्ण मुलाखत सापडलीच नाही, तर ते वाक्य सल्ला म्हणून कोणाला पाठवू नये. गंमत म्हणून पाठवायला हरकत नाही.

विषय आत्महत्येचा किंवा स्वतःला इजा करण्याचा असेल, तर तुकडा कितीही परिणामकारक असला तरी तो एकटा पाठवू नये. अमेरिकेत जुलै २०२२ पासून ९८८ हा मदतीचा क्रमांक चालू आहे. इतरत्र राहणाऱ्याला पाठवताना तिथला क्रमांक सोबत द्यावा.

लिहिताना किंवा सांगताना पाहुण्याचे नाव, कार्यक्रम, तारीख, वाक्य ज्या प्रश्नाच्या उत्तरात आले तो प्रश्न आणि पाहुण्याने अट सांगितली असल्यास ती अट, एवढे सगळे सोबत द्यावे. अट सांगितली नसेल, तर तसेही लिहावे.